गोंधळ्याचं पोर आणि कॅमेरा

‘गोंधळ्याच्या पोरानं कॅमेरा धरला की घरातला गोंधळ संपलाच’ असं कुणी कुणी म्हणतं, ते मला पटत नाही. परभणीकडच्या माझ्या मित्राच्या घरात तीन पिढ्या गोंधळ, म्हणजे लग्नकार्यात देवीच्या नावानं रात्रभर चालणारं गाणं-वाजवणं. तो फिल्म शिकून आला आणि पहिली फिल्म वडिलांच्या गोंधळावरच केली. हल्ली लग्नघरी तासाभरात उरका म्हणतात, मग आख्यान, म्हणजे गाऊन सांगायची कथाच गळते. मित्रानं मात्र गण म्हणजे सुरुवातीचं गणपतीचं स्तवन, माहूरच्या रेणुकेला, तुळजापूरच्या भवानीला ‘गोंधळाला ये’ म्हणून घातलेली हाक, आख्यान, पहाटेची आरती, सगळं न कापता टिपलं.

एक शॉट तर नुसता वडिलांच्या हातांचा आहे, संबळ या चामड्याच्या जोडवाद्यावर पडणारी ती टोकाला वाकलेली काडी! एडिटिंगला बसल्यावर ठेक्याची सम, म्हणजे आवर्तनाची पहिली मात्रा, कळेना, म्हणून वडिलांपुढे बसून संबळ शिकला. आता गोंधळाची सुपारी आली की तोही सोबत जातो.