रिले आउटपुट कार्ड अडीच महिन्यात जातंय, वर्षात चौथं. हळदीमुळं का?

कुपवाड_मेंटेनन्स
नमस्कार मंडळी. आमचं हळद आणि मसाला पॅकिंगचं छोटं युनिट आहे, त्यात दोन पाऊच मशिनी. एक नंबर मशीनच्या पीएलसीला (मशीन चालवणारा कंट्रोलर) ८ पॉइंटचं रिले आउटपुट एक्सपान्शन कार्ड आहे, म्हणजे आत ८ रिले, विजेवर चालणारे छोटे स्विच, ते सारखं जातंय. या वर्षातलं हे चौथं. दर वेळी सेम लक्षण, जॉ (पाऊच सील करणारा गरम जबडा) बंद होतो आणि उघडतच नाही, कार्डवरचा एलईडी मात्र विझलेला असतो म्हणजे पीएलसीनं आउटपुट काढलेलं आहे पण जॉच्या हवेच्या व्हॉल्व्हच्या कॉइलला २४ व्होल्ट चालूच. मीटर लावून बघितलं, कार्ड काढून टेबलावर ठेवलं तरी तो पॉइंट आणि कॉमन (पॉइंटांचं सामाईक टर्मिनल) यांच्यात बीप येतो, म्हणजे आतला रिले चिकटलेलाच. कधी कधी स्क्रूड्रायव्हरच्या मुठीनं टकटक केलं की सुटतो आणि मग दोन तास चालतो.

मालकांचं म्हणणं हळदीची पावडर आत जाते. खोटं नाही ते, पॅनल उघडलं की फॅन, डक्ट, वायरा सगळं पिवळं, आमचे रुमाल पण पिवळे. दुकानदार म्हणतो कंपनीच बदला, दुसऱ्या ब्रँडचा पीएलसी टाका. प्रोग्राम मशीनवाल्यानं पासवर्ड घालून दिलाय आणि आता तो फोन उचलत नाही, त्यामुळं पॉइंट बदलून दुसऱ्यावर घेता येत नाही, एक पॉइंट गेला की पूर्ण कार्डच बदलायचं. काय करावं?

भिंगरी२२
पॅनलला फिल्टर लाव आणि दाराची रबर पट्टी बदल. आमच्याकडे पिठाच्या गिरणीत असंच व्हायचं. आणि आठवड्याला ब्लोअर मार.

चाकण_नाईटशिफ्ट
ब्लोअर नको रे बाबा, पावडर अजून आत घुसते, व्हॅक्यूमनं ओढ. पण मला धुळीचं पटत नाही. आधी सांग, चारही वेळा कुठला पॉइंट गेला? धूळ असती तर कधी हा कधी तो गेला असता. आणि त्या पॉइंटवर नक्की काय जोडलंय?

कुपवाड_मेंटेनन्स
भाऊ बरोबर पकडलंत. तीन वेळा जॉचाच पॉइंट, एकदा कटरचा. बाकीचे सहा आजपर्यंत एकदाही गेले नाहीत. जॉच्या पॉइंटवर दोन कॉइल आहेत पॅरललमध्ये, उभा जॉ आणि आडवा जॉ बरोबरच मारतात. कॉइलवर २४ व्होल्ट डीसी ४.८ वॅट लिहिलंय. कटरला तसलीच एक. दुसऱ्या कॉमनवर कन्व्हेयरचा कॉन्टॅक्टर (मोटर चालू-बंद करणारा मोठा स्विच, २३० व्होल्ट) आणि हूटर वगैरे. मशीन ३२ पाऊच मिनिटाला, दोन शिफ्ट.

पॅनलवाली
मग हळदीला कशाला नावं ठेवताय, गणित करा की. मिनिटाला ३२, तासाला १,९२०, सोळा तासांत ३०,७२०, महिन्याचे २६ दिवस धरले तर ८ लाखाच्या आसपास. अडीच महिन्यांत तो बिचारा रिले २० लाख वेळा उघडमीट करतोय. तुमचा पीएलसी कुठला का असेना, त्याच्या मॅन्युअलमध्ये आउटपुटच्या स्पेसिफिकेशनचं पान काढा, तिथं रिलेचं आयुष्य दिलेलं असतं आणि ते कुणी वाचत नाही. उदाहरण म्हणून सीमेन्सच्या एस७-१२०० चं बघा, रिले आउटपुट पॉइंटला २ अँपिअर, आणि आयुष्य बिनलोड १ कोटी वेळा पण पूर्ण रेटेड लोडवर फक्त १ लाख. तुमचा लोड रेटिंगपेक्षा बराच कमी आहे, दोन कॉइलचे मिळून ०.४ अँपिअर, म्हणून २० लाखापर्यंत ओढलं, मी तर म्हणेन कार्ड चांगलंच निघालं. कटरवर निम्मा लोड म्हणून तो कमी वेळा गेला. सगळं जुळतंय.

थोडक्यात तुमचं कार्ड खराब नाहीये, चुकीच्या जागी बसवलंय. एवढ्या वेगानं मारायचं असेल तर ट्रान्झिस्टर आउटपुट पाहिजे, त्यात हलणारं काही नसतं. नाव बघून ओळखता येतं, मित्सुबिशीच्या एफएक्समध्ये एमआर म्हणजे रिले आणि एमटी म्हणजे ट्रान्झिस्टर, डेल्टामध्ये शेवटी आर किंवा टी असतो, एस७-१२०० वर एसी/डीसी/रिले नाहीतर डीसी/डीसी/डीसी लिहिलेलं असतं, त्यातला तिसरा शब्द आउटपुटचा.

निवृत्त_वायरमन
मॅडम बरोबर सांगतायत. त्यात डीसी आहे हे पण लक्षात घ्या. एसीमध्ये करंट सेकंदाला शंभर वेळा शून्यावर येतो, स्पार्क आपोआप विझतो, डीसीत विझत नाही, ताणला जातो. आणि कॉइल सोडताना जी उलटी किक बसते ती वेगळीच. कॉइलवर ती किक जिरवायला डायोड आहे का बघ. नसणार.

एक काम कर, गेलेलं कार्ड फेकलं नसशील तर त्यातला तो काळा रिले हॅकसॉच्या पात्यानं कडेकडेनं कापून उघड. एका कॉन्टॅक्टवर सुईसारखं टोक आलेलं असेल आणि समोरच्यावर बरोबर तेवढाच खड्डा. डीसीत धातू एकाच दिशेनं सरकतो, टोक वाढत जातं आणि एक दिवस खड्ड्यात अडकून बसतं. तू टकटक करतोस तेव्हा तेच सुटतं. ३४ वर्षं नोकरी केली, असले किती उघडलेत मोजदाद नाही.

गंमत म्हणजे पीएलसी आलाच मुळी रिले घालवायला. १९६९ चं मॉडिकॉन ०८४, जनरल मोटर्ससाठी केलेलं, कारण गाडीचं मॉडेल बदललं की भिंतभर रिलेचं पॅनल परत वायरिंग करावं लागायचं. आणि आता पन्नास-पंचावन्न वर्षांनी आपण पीएलसीच्याच पोटात बसलेल्या रिलेवर भांडतोय.

भिंगरी२२
मग एसएसआर (सॉलिड स्टेट रिले, हलता भाग नसलेला) टाका ना सरळ, आमच्याकडे हीटरला असतात ते, पाच-सहा पडलेत.

चाकण_नाईटशिफ्ट
@भिंगरी२२ हीटरचा एसएसआर एसीवाला असतो, आत ट्रायॅक नाहीतर एससीआर. तो डीसीवर लावलास तर एकदा चालू झाला की बंदच होत नाही, कारण करंट शून्यावर कधी येतच नाही. म्हणजे आज जो फॉल्ट अडीच महिन्यांनी येतोय तो पहिल्याच पाऊचला येईल 😄 डीसीचे स्लिम एसएसआर वेगळे मिळतात, मॉस्फेटवाले, ६ मिलिमीटर जाडीचे, टर्मिनलसारखे रेलवर बसतात.

@कुपवाड_मेंटेनन्स कार्ड बदलायचं नसेल तर तसला एसएसआर मधे टाकता येईल, तुझा रिले एसएसआरला फक्त काही मिलीअँपिअर देईल, कॉइलचा लोड एसएसआर घेईल. पण मग रिलेचं यांत्रिक आयुष्य उरतं, ते वर मॅडमनी सांगितलं तसं १ कोटी धरलं तरी महिन्याला ८ लाखानं साधारण वर्षभरात संपतं. म्हणजे दुखणं पुढं ढकललं एवढंच. साधा प्लग-इन रिले मधे टाकणारे पण खूप आहेत, तो मरतो, पण सॉकेटमधून उपटून दुसरा लावायला दोन मिनिटं आणि कार्डाच्या मानानं किंमत काहीच नाही. रात्रपाळीला मी पण तेच केलंय, उगाच साधुपणा करत नाही.

कुपवाड_मेंटेनन्स
काका रिले कापून उघडला. अगदी तुम्ही म्हणालात तसंच, एका बाजूला टोक, दुसरीकडं खड्डा, आणि आजूबाजूला काळं. हळद एक कणभर पण नाही आत, पॅकबंद होता. मालकांना नेऊन दाखवला, ते बराच वेळ हातात धरून बसले होते.

डायोड नाहीत कुठल्याच कॉइलवर. दुकानदाराकडं ट्रान्झिस्टर कार्ड विचारलं तर म्हणाला सिंक आहे, सोर्स मागवावं लागेल, पण दोन्ही चालतात काही फरक पडत नाही. घेऊ का?

पॅनलवाली
थांबा!! नका घेऊ. फरक पडतो. रिलेच्या कॉमनला आत्ता तुम्ही काय दिलंय, प्लस का मायनस? रिलेला दोन्ही चालतं म्हणून आजवर कुणी विचारलं नसेल. व्हॉल्व्हच्या सगळ्या कॉइलचा कॉमन ० व्होल्टला असेल तर तुम्हाला सोर्स म्हणजे पीएनपी पाहिजे, जे पॉइंटमधून प्लस बाहेर देतं. सिंक कार्ड (जे पॉइंटला मायनस जोडतं) आणलंत तर कॉइलचा कॉमन प्लसला न्यावा लागेल आणि मॅनिफोल्डची (व्हॉल्व्ह बसवलेल्या पट्टीची) अख्खी वायरिंग उलटी. त्यात व्हॉल्व्हचा तो चौकोनी कनेक्टर एलईडी आणि डायोडवाला बसवला असेल आणि उलटा जोडला गेला तर डायोड सरळ शॉर्ट.

अजून दोन गोष्टी. ट्रान्झिस्टर पॉइंटला बहुतेक ०.५ अँपिअर असतं, तुमचे जॉचे ०.४ बसतात पण काठावर, आणि काही कार्डांना पॉइंटला ०.५ असलं तरी एका कॉमनच्या चार पॉइंटना मिळून ०.८ च असतं, ते बघून घ्या. जॉ अधिक कटर ०.६ म्हणजे चालून जाईल. दुसरं म्हणजे कन्व्हेयरचा २३० व्होल्टवाला कॉन्टॅक्टर ट्रान्झिस्टरवर थेट लावू नका, पॉइंट तिथल्या तिथं जाईल. त्याला मधे एक २४ व्होल्टचा प्लग-इन रिले टाका, तो दिवसातून दहा-वीस वेळाच मारतो, वर्षानुवर्षं टिकेल.

प्रोग्रामचं विचाराल तर लहान पीएलसीत पुष्कळदा ८ पॉइंट रिले आणि ८ पॉइंट ट्रान्झिस्टर एक्सपान्शनचे पत्ते सारखेच पडतात, त्याच जागी लावलं की प्रोग्रामला हात लावावा लागत नाही. पण ज्यांच्यात हार्डवेअर कॉन्फिगरेशनमध्ये मॉड्यूलचा नंबर लिहिलेला असतो तिथं नाही चालत. तुमच्या मॉडेलचं बघून मगच ऑर्डर द्या.

निवृत्त_वायरमन
पोरा, मला एक गोष्ट सकाळपासून खटकतीये. तू लिहिलंस एलईडी विझलेला आणि जॉ बंदच. तसं झालं तेव्हा ऑपरेटरनं इमर्जन्सी दाबली असेल ना? मग काय झालं?

कुपवाड_मेंटेनन्स
दाबली होती काका. काही झालं नाही. स्क्रीनवर इमर्जन्सी लिहून आलं, सगळे एलईडी गेले, जॉ तसाच. लॅमिनेट जळाल्याचा वास सुटला होता, मी पळत जाऊन हवेचा व्हॉल्व्ह बंद केला.

निवृत्त_वायरमन
म्हणजे इमर्जन्सीचं बटण नुसतं पीएलसीच्या इनपुटला जोडलंय. प्रोग्राम आउटपुट काढतो, पण कॉन्टॅक्ट चिकटलेला असेल तर प्रोग्राम बिचारा काय करणार. जॉमध्ये कुणाची बोटं असती तर? कार्डाचं नंतर बघ, हे आधी कर. बटणाचा एनसी कॉन्टॅक्ट (बटण दाबलं की तुटणारा) घेऊन सेफ्टी रिले लाव आणि आउटपुटच्या कॉमनला जाणारा २४ व्होल्टच त्याच्यातून ने, म्हणजे कार्डात काहीही चिकटो, बटण दाबलं की कॉइलचा सप्लायच गेला. कॉन्टॅक्टरच्या २३० व्होल्टच्या लाइनला पण तसंच. हवेच्या लाइनला डंप व्हॉल्व्ह (आतली हवा सोडून देणारा) बसवता आला तर अजून उत्तम. इनपुटचं कनेक्शन काढू नकोस, बटणाला दुसरा कॉन्टॅक्ट ब्लॉक लावून ते राहू दे, प्रोग्रामला कळायला पाहिजेच. आणि इमर्जन्सी सोडल्यावर जॉ कुठल्या बाजूला जातो ते हवा कमी ठेवून एकदा बघून घे, बघितल्याशिवाय शिफ्टला देऊ नको.

चाकण_नाईटशिफ्ट
+१. आणि ट्रान्झिस्टर टाकला म्हणून हे टळत नाही, ट्रान्झिस्टर मरतो तेव्हा तो पण बऱ्याचदा शॉर्टच होऊन मरतो, म्हणजे आउटपुट चालूच.

कुपवाड_मेंटेनन्स
रविवारी केलं सगळं. सकाळी आठला लागलो ते रात्री साडेनऊ झाले. सोर्सवालं कार्ड, पत्ते जसेच्या तसे आले, प्रोग्रामला हात लावला नाही. इमर्जन्सी काकांनी सांगितली तशी, जॉ चालू असताना सात-आठ वेळा दाबून बघितली, प्रत्येक वेळी उघडतो. कॉइलवर १एन४००७ डायोड, पट्टीची बाजू प्लसला. सोमवारी पहिल्या तासात सील जरा करपल्यासारखं येत होतं, मला वाटलं गेलं परत काहीतरी.

पॅनलवाली
डायोडमुळे. कॉइलमधला करंट डायोडमधून फिरत राहतो, व्हॉल्व्ह काही मिलीसेकंद उशिरा सुटतो. सील टाइम तेवढा कमी करा. फारच त्रास झाला तर डायोडच्या सिरीजमध्ये झेनर (ठराविक व्होल्टला उलटं सोडणारा डायोड) उलटा लावतात, लवकर सुटतो.

कुपवाड_मेंटेनन्स
हो मॅडम, स्क्रीनवरून २० मिलीसेकंद कमी केला, जमलं. आता दोन नंबर मशीनला पण सेम रिले कार्ड आहे, ते १२ पाऊचवरच चालतं म्हणून अजून टिकलंय. मालक म्हणतात जाईल तेव्हा बघू.

निवृत्त_वायरमन
कार्ड जाईल तेव्हा बघा, चालेल. एक नंबरमधून जे जवळपास नवं रिले कार्ड काढलंस ते दोन नंबरला स्पेअर म्हणून ठेव. पण तिथली इमर्जन्सीची वायरिंग येत्या रविवारी करून टाक, त्याला मालकांची परवानगी विचारत बसू नको.