आगीची ‘वर्दी’ मिळाली म्हणजे नक्की काय मिळालं?

ऐरोलीकर: परवा पोरगी पेपर वाचत होती, एमआयडीसीत कुठेतरी आग लागल्याची बातमी, त्यात लिहिलेलं ‘वर्दी मिळताच अग्निशमन दलाचे जवान दाखल झाले’. तर विचारते, बाबा आग लागल्यावर त्यांना युनिफॉर्म देतात का, आधी देत नाहीत? मी हसलो पण नीट सांगता काही येईना. वर्दी म्हणजे खबर हे माहितीये, पण हा शब्द फक्त आगीच्याच बातमीत का दिसतो?

जुना फायरमन: फक्त बातमीत नाही हो, आमच्या स्टेशनात रोजचा शब्द. ‘वर्दी आली’, ‘गाडी वर्दीवर गेलीये’, कोणी उगाच फोन केला तर ‘खोटी वर्दी’. गणवेश हा अर्थ हिंदीतून आला आणि खाकीला चिकटला, पिक्चरमुळे तर जास्तच. मराठीत वर्दी म्हणजे कळवणं, ऐतिहासिक नाटकात हुजऱ्या आत येऊन वर्दी देतो ना, तो काय कपडे देत नसतो. बाकी भाषेतून हा अर्थ जवळजवळ गेला, आमच्याकडे राहिला. आमची अजून एक गंमत म्हणजे ‘ब्रांच’. होजच्या, म्हणजे पाण्याच्या लांब पाइपच्या टोकाला जे लावतात, ज्यातून पाण्याचा फवारा निघतो, ती ब्रांच. नवीन पोराला ‘ब्रांच धर’ म्हटलं की तो इकडेतिकडे बघत बसतो.

नेरुळची ताई: आणि बंब? आमच्या आजीकडे तांब्याचा बंब होता, तो पेटवायचा. रस्त्यावरचा बंब आग विझवतो. एकच शब्द कसा काय?

ऐरोलीकर: ताई हे मला माहितीये 😄 पोर्तुगीज ‘बोंबा’ म्हणजे पंप, त्यांच्याकडे फायरमनला अजून बोंबेइरो म्हणतात. ठाण्यात १७३७ पर्यंत आणि वसईत १७३९ पर्यंत त्यांचंच राज्य, त्यामुळे आपल्या भागात हा शब्द रुळला तर नवल नाही. पाण्याचं यंत्र म्हणून आगीचा बंब आणि पाण्याचं भांडं म्हणून न्हाणीघरातला, असं मी समजतो. बोंब मारण्याशी कृपया जोडू नका, माझ्या सासऱ्यांनी जोडलंय आणि ते ऐकत नाहीत.

नेरुळची ताई: बरं मग अजून एक, ‘आग आटोक्यात’ आणि ‘आग विझली’ यात फरक आहे की पेपरवाले काहीही लिहितात?

जुना फायरमन: फरक आहे आणि मोठा आहे. आटोक्यात म्हणजे पसरायची थांबली, आत अजून पेटलेलीच असते. विझली म्हणजे ज्वाळा गेल्या. पण त्यानंतरही कूलिंग चालतं, कारण भंगार, कापसाच्या गाठी, पुठ्ठ्याचं गोडाऊन असलं काही असेल तर वरून काळं दिसतं आणि आत धुमसत असतं, जरा वारा लागला की परत पेट घेतं, म्हणून उकरून उकरून पाणी मारायचं. लोक म्हणतात आग विझली तरी गाडी का उभीये, अहो म्हणूनच उभीये. केमिकलचा विषय वेगळा, तेलावर पाणी मारलं तर तेल वर तरंगतं आणि आग सोबत घेऊन पसरतं, तिथे फोम लागतो. आणि ‘लेव्हल दोनची आग’ म्हणजे दुसऱ्या मजल्यावरची नव्हे! किती मोठी वर्दी आणि किती गाड्या-माणसं लागणार त्यावरून लेव्हल ठरते.

कोपरखैरणे: मी भरतीची तयारी करतोय, सांताक्रूझच्या ट्रेनिंग सेंटरचा सहा महिन्यांचा कोर्स झालाय. जाहिरातीत पदाचं नाव ‘अग्निशामक’, आणि सोसायटीच्या लॉबीत लटकवलेल्या लाल सिलिंडरवर पण ‘अग्निशामक’. एका महापालिकेच्या जाहिरातीत तर ‘अग्निशमन विमोचक’, मित्र म्हणाला पुस्तकाचं विमोचन करणार का तू.

जुना फायरमन: विमोचक म्हणजे सोडवणारा, रेस्क्युअर. शब्द बरोबर आहे रे, पण वर्दीवर असताना कोण हाक मारणार ‘ए विमोचका’ म्हणून.