स्टुअर्ट हॉल वाचताना अडलेय: आफ्रिका ‘सापडते’ म्हणजे काय?

सातवा_माळा
एम.ए.ला हॉल या जमैकात जन्मलेल्या ब्रिटिश संस्कृती-अभ्यासकाचा ‘कल्चरल आयडेंटिटी अँड डायस्पोरा’ (डायस्पोरा म्हणजे मायभूमीपासून पांगलेला समाज) हा १९९० चा निबंध लागलाय. ओळख म्हणजे नुसतं ‘असणं’ नाही, ‘होणं’सुद्धा, इथवर पोचले. पुढे तो कॅरिबियन माणसात आफ्रिका, युरोप, अमेरिका अशा तीन ‘उपस्थिती’ बघतो, तिथे गाडी अडली. गुलाम म्हणून आणलेल्यांच्या वंशजांना आफ्रिका ठाऊक असणारच ना? मग ती नव्याने सापडते कशी?

चहा_बिनसाखर
ठाऊक नव्हती, तीच तर गोम आहे. हॉल १९३२ चा, किंग्स्टनचा. तो लिहितो की लहानपणी जमैकात कुणी स्वतःला आफ्रिकन म्हणवलेलं त्याने एकदाही ऐकलं नाही. बोलीत, देवाधर्मात, ढोलात आफ्रिका होतीच, पण नाव घ्यायची चोरी! ते तोंडावर आलं १९७० च्या दशकात, रास्ताफारी (आफ्रिकेला मायभूमी मानणारा तिथला धर्मपंथ) आणि रेगे संगीताच्या काळात. आणि तीही परत जाता येईल अशी आफ्रिका नव्हे, कारण एवढ्या शतकांत तीसुद्धा बदलली. (‘अमेरिका’ म्हणजे तिथे यूएस समजू नकोस. ही सगळी माणसं जिथे एकमेकांवर आदळली, ती नवी भूमी.)

मलाही निबंध पहिल्या खेपेला झेपला नव्हता. मग त्याची एक मुलाखत वाचली. घरात सगळ्यांत सावळा हाच. जन्मला तेव्हा बहिणीने पाळण्यात डोकावून विचारलं, हे कुलीचं पोर कुठून आणलं? कुली म्हणजे तिथला गरीब हिंदुस्थानी, १८४५ पासून उसाच्या मळ्यांवर करारावर नेलेल्यांपैकी. तिथे ती शिवी. मी दादरला दोन बॅगा आणि आजीला उतरवताना खिडकीतून हाच शब्द बिनदिक्कत ओरडलोय. त्या पानावर बराच वेळ थांबलो.

उसाचं_चिपाड
मग तीन उपस्थितींत ते कुली कुठे आहेत? त्रिनिदाद, गयानात तर भारतीय वंशाचेच लोक सगळ्यांत जास्त. हॉलने भारतीय, चिनी, लेबनीज सगळे एका कंसात उरकलेत!

चहा_बिनसाखर
मान्य. ‘तूर्त एकत्र गुंडाळतो’ म्हणतो आणि त्या निबंधात परत तिकडे फारसा वळत नाही. जमैकात वाढलेल्याची नजर आहे ती, त्रिनिदादच्या राजधानीत, पोर्ट ऑफ स्पेनमध्ये बसून लिहिता तर कंस कदाचित सुटला असता.

सातवा_माळा
कंस मी वाचलाच नव्हता! ती मुलाखत कुठे मिळेल, दादा?

चहा_बिनसाखर
मोर्ली आणि चेन यांनी १९९६ मध्ये संपादित केलेल्या जाडजूड पुस्तकात, शेवटाकडे. निबंधाच्या आधी वाच.