टिकाल एका दिवसात: पहाटेची टूर घ्यावी की सकाळची? सोबत सासूबाई आहेत

पोळीचा_लाडू
डिसेंबरच्या शेवटच्या आठवड्यात ग्वाटेमालाला जातोय. ह्यूस्टनहून ग्वाटेमाला सिटी, तिथून विमानाने फ्लोरेस. तिथे दोन रात्री मुक्काम आणि मधला अख्खा दिवस टिकालसाठी (जंगलातलं प्राचीन माया शहर, आता अवशेष). आम्ही चौघे: मी, नवरा, लेक (१४) आणि सासूबाई (६८). सासूबाई सपाटीवर दोन-तीन तास आरामात चालतात, पायऱ्या उतरताना मात्र गुडघा त्रास देतो. सगळे शाकाहारी, अंडं चालतं.

पहाटे तीनची सूर्योदयाची टूर घ्यावी की सकाळी सहाची? गाईड आधीच ठरवावा की दारात घ्यावा? सासूबाईंना नक्की काय काय बघता येईल? तिकिटं, गाडी आणि गाईड मिळून चौघांचं बजेट २०० डॉलर. त्याच्या वर जायचं नाहीये.

रानवाटा
सूर्योदय सोडून द्या. डिसेंबर-जानेवारीत पेतेनच्या (टिकालच्या प्रांताच्या) जंगलात पहाटे दाट धुकं असतं. मंदिर ४ च्या माथ्यावर तासभर कुडकुडत बसायचं आणि समोर पांढरा पडदा, असं बऱ्याचदा होतं. आवाज मात्र मिळतात: हाऊलर माकडं ओरडायला लागली की पहिल्यांदा ऐकणाऱ्याला वाघच वाटतो.

सकाळी सहाला उद्यानाचं फाटक उघडतं, तेव्हाच आत शिरा. फाटकापासून अवशेषांपर्यंत आणखी १७ किमी रस्ता आहे आणि त्यावर वेगमर्यादा आहे, त्यामुळे तिथेच अर्धा तास जातो. नऊनंतर उकाडा आणि गर्दी दोन्ही वाढतात.

डॅलसकर
खाजगी गाडी आणि खाजगी गाईड घ्या, डोळे मिटून. शटलमध्ये पंधरा जण, त्यात कुणी मागे राहतं, कुणाला फोटो काढायचे असतात. स्वतःचा गाईड असला की सासूबाईंच्या चालीने चालतो. चौघांचे दीड-दोनशे डॉलर जास्त जातील, पण आयुष्यात एकदाच जातो माणूस. आम्ही कुठेही गेलो तरी खाजगीच घेतो.

पोळीचा_लाडू
डॅलसकर, बजेट वर लिहिलंय हो.

भटकभवानी
सूर्योदयच घ्या! धुकं असलं तरी जंगल जागं होताना ऐकणं हाच खरा अनुभव आहे. चार ते सहा या वेळेत गाईडशिवाय आत सोडत नाहीत आणि साध्या तिकिटावर जादा तिकीट लागतं, एवढं लक्षात ठेवा. बाकी रानवाटा म्हणतात तसं धुकं असतं हे खरं, पण ते विरताना मंदिर १, २ आणि ३ चे माथे झाडांच्या वर एकेक करून निघतात, ते बघायला पहाटे तीनला उठलंच पाहिजे.

हिशेबनीस
बजेटचं कुणीच बोलत नाहीये म्हणून आकडे मांडतो. परदेशी माणसाचं तिकीट १५० केत्साल (तिथलं चलन). चौघांचे ६००. डॉलरला साधारण ७.७ केत्साल धरले तर ७८ डॉलर. सूर्योदयाचे किंवा सहानंतर थांबायचे माणशी आणखी १००, म्हणजे चौघांचे १००० केत्साल, १३० डॉलर. सूर्योदय घेतला तर गाडी आणि गाईड मिळून ७० डॉलर उरतात, त्यात बसवणं कठीण. साध्या तिकिटात १२२ उरतात, त्यात सामायिक शटल आणि गटाचा गाईड बसू शकतो. निघण्याआधी ताजे दर एकदा बघून घ्या.

रोख केत्साल जवळ ठेवा, सुट्या नोटांसकट. टिकालमध्ये एटीएम नाही. पैसे फ्लोरेस किंवा पुलापलीकडच्या सांता एलेनात काढायचे. तिकिटाला पासपोर्ट मागतात, चौघांचेही न्या.

शिलालेखी
गाईडबद्दल. टूर विकताना ‘गाईडसह’ म्हणतात, त्याचे तीन अर्थ निघतात. एक, चालकच थोडा इतिहास सांगतो आणि तुम्हाला मोकळं सोडतो. दोन, गाईड फक्त स्पॅनिश बोलतो. तीन, खरा परवानाधारक गाईड, जो चार तास सोबत असतो. पैसे देण्याआधी विचारा: भाषा कोणती, गटात किती जण, आत किती तास, परतीची गाडी किती वाजता. इंग्वात ही तिथली सरकारी पर्यटन संस्था. गाईडच्या गळ्यात तिच्या परवान्याचं ओळखपत्र असतं, ते बघा. दारात आणि अभ्यागत केंद्रापाशी असे गाईड उभे असतात, पण नाताळच्या आठवड्यात इंग्रजी बोलणारे लवकर संपतात.

चांगला गाईड ओळखायची एक खूण सांगतो. त्याला संकुल क्यू (तिथला एक इमारतसमूह) मधला शिलास्तंभ २२ दाखवायला सांगा. जुळ्या पिरॅमिडांच्या आवारात उत्तरेला बिनछपराची छोटी खोली आहे, तिच्यात तो उभा आहे आणि पुढ्यात गोल वेदी. स्तंभावर राजा एका बाजूला तोंड करून हातातून दाणे सोडतोय. इसवी सन ७७१ चा, वीस वर्षांचा कालखंड संपला म्हणून उभारलेला. ती तिथी माया लोकांच्या दीर्घगणनेत (दिवस मोजायच्या पद्धतीत) ९.१७.०.०.० अशी मांडतात. जो गाईड हे शून्य कशाचे ते उलगडून सांगतो, त्याच्यासोबत दिवस काढावा. जो परग्रहवासी आणि २०१२ चा प्रलय सुरू करतो, त्याच्यापासून लांब राहा.

उगाच_एक
शून्य तर आपण शोधलं ना?

शिलालेखी
दोन्हीकडे स्वतंत्रपणे आलं. मायांनी विसाच्या पटीतल्या कालगणनेत रिकामी जागा दाखवायला शून्य वापरलं, लिहिताना बहुतेक शिंपल्याच्या आकाराचं चिन्ह. शून्याची बेरीज, वजाबाकी, गुणाकार यांचे नियम ब्रह्मगुप्ताने इ.स. ६२८ मध्ये लिहून ठेवले. त्या दोघांचा एकमेकांशी संबंध नव्हता. यावर वेगळा धागा काढा, इथे सासूबाईंचा गुडघा महत्त्वाचा.

कोरडी_भेळ
एवढ्या लांब कशाला? मेक्सिकोत कानकूनला जा, चिचेन इत्सा (तिकडचं माया शहर) बघा. रस्ते गुळगुळीत, सगळीकडे बस. टिकालला मच्छर आणि चिखल.

रानवाटा
चिचेन इत्सात मुख्य पिरॅमिडवर चढू देत नाहीत, आणि जंगल मागे हटलेलं आहे. टिकालला अजून जंगलातून चालत मंदिरापाशी पोचावं लागतं. ५७६ चौ. किमीचं राष्ट्रीय उद्यान आहे, १९७९ पासून निसर्ग आणि संस्कृती अशा दोन्ही निकषांवर जागतिक वारशात. लोकांचं तिकीट काढून झालंय, त्यांना कानकूनला कशाला पाठवताय?

फिजिओ_नाशिक
गुडघ्याबद्दल. मंदिर ४ ची उंची सुमारे ६५ मीटर. बाजूने लाकडी जिना आहे, कठडा आहे, पण पायऱ्या बऱ्याच आणि उतरताना भार थेट वाटीवर येतो. सासूबाईंनी ते करू नये. मंदिर २ (सुमारे ३८ मीटर) लाही लाकडी जिना आहे, तोही टाळावा. मंदिर १ वर कुणालाच चढू देत नाहीत, तेव्हा तिथे हुकल्याचं वाईट वाटायचं कारण नाही.

त्यांच्यासाठी महाचौक. पूर्वेला मंदिर १, पश्चिमेला मंदिर २, उत्तरेला उत्तर अक्रोपोलिस (मंदिरांचा उंचवटा), आणि मध्ये सपाट हिरवळ. अभ्यागत केंद्रापासून तिथवर साधारण वीस-पंचवीस मिनिटं, वाट रुंद, कच्ची, हलक्या चढाची. अडचण चुनखडीची होते: ओला दगड आणि वर शेवाळ, शिवाय आडवी पसरलेली मुळं. घट्ट बसणारे, खाचदार तळाचे बूट आणि दोन काठ्या. काठ्यांना रबरी टोपण लावा, दगड खराब होत नाही आणि पकडही येते. गुडघ्याचा पट्टा सकाळपासून बांधून ठेवू नका, उतार लागेल तेव्हा बांधा.

भटकभवानी
हिरवळीवर बसू नका! गवतात बारीक लाल किडे असतात, मोज्यांच्या आणि पट्ट्याच्या काठाशी चावतात आणि आठवडाभर खाज जात नाही. चटई घेऊन जा. फुल पँट मोज्यात खोचा. मच्छरांसाठी डीट (अंगाला लावायचं मच्छररोधक) २०-३० टक्के. आधी सनस्क्रीन, ते मुरल्यावर डीट.

चिकूवाडी
एक गोष्ट कुणी सांगितली नाही. तिथलं जंगल चिकूचं आहे! मंदिरांच्या दारांवरच्या तुळया चिकूच्या लाकडाच्या, बाराशे वर्षांनंतरही टिकल्यात, कारण लाकूड लोखंडासारखं कठीण आणि वाळवीला दाद न देणारं. मंदिर ४ ची एक कोरीव तुळई स्वित्झर्लंडमध्ये बाझलच्या संग्रहालयात आहे. च्युइंगमचा चीकही याच झाडाचा. वाटेवरच्या जुन्या झाडांच्या खोडावर तिरक्या खाचांची नक्षी दिसेल: चीक काढणाऱ्यांनी कोयत्याने पाडलेल्या, एकीतून दुसरीत उतरणाऱ्या, खाली पिशवीत चीक गोळा व्हावा म्हणून. घोलवड-डहाणूच्या बागांत वाढलेल्या माणसाने या झाडाला हात लावल्याशिवाय परत येऊ नये.

उगाच_एक
चिकू मेक्सिकोतून आला हे माहीत होतं, तुळयांचं नव्हतं. वाचनखूण साठवली.

डॅलसकर
खाजगी गाईड घेतला असता तर हे सगळं त्याने दाखवलं असतं. शटलवाल्यांना घाई असते.

शिलालेखी
पाण्याबद्दल दोन शब्द, कारण ते गाईड घाईत गाळतात. टिकालला नदी नाही. चुनखडीत पाणी मुरतं. चौकांना उतार देऊन, चुन्याचा गिलावा करून पावसाचं पाणी हौदांत उतरवलं होतं, आपल्या गडांवरच्या टाक्यांची आठवण यावी असं. हजारो लोकांचं शहर कोरडे महिने त्यावर काढायचं. गाईडला हौद दाखवायला सांगा.

अन्नपूर्णा_ऑस्टिन
शाकाहार: तोर्तिया, काळे घेवडे, भात, अंडं, तळलेली केळी मिळतात. घेवड्यात डुकराची चरबी असू शकते. विचारायचं वाक्य: ‘सिन कार्ने, सिन पोयो, सिन मान्तेका’ (मांस नको, कोंबडी नको, चरबी नको). नुसतं ‘सिन कार्ने’ म्हटलं तर कोंबडी येऊ शकते. अभ्यागत केंद्रापाशी साधी खानावळ आहे, आत खोलवर गेल्यावर काही नाही. सोबत दशम्या, शेंगदाण्याची चटणी आणि लाडू ठेवा. पाणी माणशी दोन लिटर, त्यात एक लिटर मीठ-साखर घालून. खाऊ घट्ट बंद डब्यात ठेवा. पिसोते नावाचे लांब शेपटीचे प्राणी पिशवी ओढून नेतात. झाडाखाली जेवू नका, वर माकडं असतात.

व्हिसा_काका
सगळे गुडघ्यात आणि चिकूत अडकलेत, मुख्य मुद्दा राहिला. भारतीय पासपोर्ट आहे का? ग्वाटेमालाचे प्रवेशनियम त्यांच्या वकिलातीकडून लेखी घ्या, विमान कंपनीच्या सांगण्यावर जाऊ नका. आणि परतीचं बघा: मुदत संपलेल्या अमेरिकन व्हिसा शिक्क्यावर तीस दिवसांच्या आत परत येण्याची सवलत कॅनडा-मेक्सिकोसाठी आहे, ग्वाटेमालासाठी नाही. नवऱ्याचा एच-१बी (नोकरीच्या व्हिसाच्या) मंजुरीचा कागद चालू असला आणि पासपोर्टातला शिक्का संपलेला असला तर परतीच्या विमानात बसू देणार नाहीत. सासूबाईंचा व्हिजिटर व्हिसाही एकापेक्षा जास्त प्रवेशांचा हवा.

पोळीचा_लाडू
व्हिसा काका, खूप आभार. शिक्का मार्च २०२७ पर्यंत आहे, सासूबाईंचा दहा वर्षांचा, अनेक प्रवेशांचा. वकिलातीला आज मेल टाकते.

सगळ्यांचं वाचून ठरवलंय: पहाटेही नाही आणि सकाळी सहाही नाही. आम्ही दुपारी बाराला फ्लोरेसहून निघतोय. मंदिर ४ पूर्वेकडे तोंड करून आहे, म्हणजे दुपारनंतर ऊन आपल्या पाठीमागून समोरच्या मंदिरांवर पडेल. सासूबाईंची झोप मोडणार नाही, आणि दिवसभराच्या टोळ्या तोवर परतीला लागलेल्या असतील. डिसेंबरात उकाड्याची मला तेवढी भीती नाही.

रानवाटा
चूक करताय. उत्तरेकडून गार वाऱ्याची लाट आली तर दुपारी रिपरिप सुरू होते, आणि सकाळचे पक्षी गेले.

भटकभवानी
+१. निदान सूर्यास्ताचं जादा तिकीट तरी काढा.

हिशेबनीस
गरज नाही. डिसेंबरअखेर तिथे सूर्य साडेपाचच्या आसपासच मावळतो. खाली उतरून अभ्यागत केंद्रापर्यंत पाऊण तास लागतो, त्यामुळे साध्या तिकिटात प्रत्यक्ष सूर्यास्त मिळणार नाही, पण साडेचार ते पाचचं ऊन मिळेल, आणि चौघांचे ४०० केत्साल वाचतील.

पोळीचा_लाडू
तेच करणार. दीड-पावणेदोनला अभ्यागत केंद्र. संकुल क्यू, शिलास्तंभ २२. पावणेतीनला महाचौक. तिथे सासूबाई आणि नवरा चटई टाकून बसतील, मी आणि लेक तोझर वाटेने मंदिर ४ कडे. पाचला खाली, सव्वापाचला चौकात, सहाच्या आत बाहेर. काही राहिलंय का?

फिजिओ_नाशिक
चौकातून पाच वाजता निघा, सव्वापाचला नाही. दाट झाडीत अंधार अर्धा तास आधी पडतो आणि परतीची वाट उताराची आहे. तुम्ही दोघी पावणेपाचलाच उतरायला लागा. डोक्याला बांधायचे टॉर्च चार न्या, हातातले नको, हातात काठ्या असतील.

शिलालेखी
आणि परतीच्या गाडीची वेळ, गाडीचा नंबर आणि चालकाचा फोन पावतीवर लिहून घ्या. शेवटचं सामायिक शटल गेलं की टिकालहून फ्लोरेसचे ६५ किमी जायला खाजगी गाडीच करावी लागते, आणि त्या वेळी तिचा भाव चालकच ठरवतो.