गोगलगाईंच्या गोळ्या : झडीत की उघडिपीत?

पावसाची झड लागताच मेटाल्डिहाइड या गोगलगाई मारणाऱ्या औषधाच्या गोळ्या टाकाव्यात, कारण गोगलगाई तेव्हाच बाहेर पडतात, हा सल्ला मला अर्धाच पटतो. त्या तेव्हा बाहेर पडतात हे खरे. परंतु हे औषध त्यांच्या चिकट स्रावाच्या पेशींवर आघात करते, स्राव बेसुमार वाहतो आणि अंगातील पाणी आटून त्या मरतात, त्यामुळे हवा दमट राहिल्यास निपचित पडलेली गोगलगाय ओलावा शोषून पुन्हा सावरू शकते. आमच्या खानापूरकडच्या पावसात तर हे हमखास घडते. म्हणून उघडीप मिळेल त्या दिवशी संध्याकाळी, सोयाबीनची रोपे कोवळी असतानाच, बांधाच्या कडेने गोळ्या विरळ पसराव्यात. ढीग करू नये. त्यातील धान्याच्या आमिषाने कुत्री ओढली जातात आणि या विषावर नेमका उतारा नाही. (गोगलगाईंवर मीठ टाकण्याचा उपाय कुंडीपुरताही नको, माती खारावते.)

ग्रेट ब्रिटनमध्ये पक्षी व वन्यप्राण्यांना असलेल्या धोक्यामुळे मेटाल्डिहाइडचा उघड्यावरील वापर मार्च २०२२ अखेर बंद झाला आणि तिथले बागवान आता मुख्यतः फेरिक फॉस्फेटच्या गोळ्या वापरतात. त्या गोळ्या खाल्लेल्या गोगलगाई खाणे थांबवून आडोशाला जाऊन मरतात, त्यामुळे सकाळी शेतात मेलेल्या फारशा दिसत नाहीत आणि औषध वाया गेले असे वाटते. परिणाम मोजायचा तो नव्या पानांवरील कुरतडीवरून.