बेला लुगोशी यांनी मायदेश का सोडला?

पंचवटीकर (प्रश्न):
नाशिकमधील आमच्या छोट्या अभ्यासगटात मूकपटांच्या काळातील युरोपीय नटांवर बोलायचे असून माझ्या वाट्याला हंगेरी आले आहे. बेला लुगोशी यांच्याविषयीचे बहुतेक लेखन १९३१ च्या 'ड्रॅक्युला'पासूनच सुरू होते. त्याआधीची त्यांची कारकीर्द कशी होती? हॉलिवूडमध्ये नशीब काढण्यासाठी त्यांनी देश सोडला, हे खरे आहे का? काही ठिकाणी त्यांना रोमानियन म्हटले आहे, तेही समजत नाही.

जुना प्रेक्षक:
हॉलिवूडसाठी नव्हे, त्यांना पळ काढावा लागला. त्यांचा जन्म १८८२ साली लुगोश गावी झाला, मूळ आडनाव ब्लाश्को. ते गाव तेव्हा हंगेरीच्या राज्यात होते आणि पहिल्या महायुद्धानंतर रोमानियाकडे गेले, त्यामुळे हा गोंधळ होतो. १९१३ पासून ते बुडापेस्टच्या राष्ट्रीय नाट्यगृहात होते, मात्र तेथे त्यांच्या वाट्याला बहुधा दुय्यम भूमिकाच आल्या. महायुद्धात पायदळात लढून, जखमी होऊन परतल्यावर १९१७-१८ मध्ये त्यांनी मूकपटांत कामे केली, त्यांतील काही 'अरिस्तिद ओल्त' या नावाने. म्हणून जुन्या श्रेयनामावल्या पाहताना हे नावही शोधावे. पुढे 'कॅसाब्लांका' दिग्दर्शित करणारे मायकेल कर्टिझ तेव्हा बुडापेस्टमध्येच मिहाय केर्तेस या नावाने चित्रपट काढत होते आणि त्यांच्या १९१८ च्या एका चित्रपटात लुगोशी आहेत. १९१९ मध्ये बेला कून यांचे साम्यवादी सरकार आले, चित्रपटधंद्याचे राष्ट्रीयीकरण झाले आणि लुगोशी यांनी नटांची संघटना बांधण्यात पुढाकार घेतला. ते सरकार काही महिन्यांतच कोसळले, तेव्हा संघटनेतील माणसांना तेथे राहणे धोक्याचे झाले. लुगोशी व्हिएन्नामार्गे बर्लिनला गेले.

नाट्यवेडा:
यात थोडी भर घालतो. बर्लिनमध्ये त्यांनी जर्मन दिग्दर्शक मुर्नाऊ यांच्या १९२० च्या एका चित्रपटात काम केले आणि त्याच वर्षाच्या अखेरीस ते जहाजाने न्यू ऑर्लिन्सला उतरले. इंग्रजी येत नसल्याने न्यूयॉर्कमधील पहिल्या इंग्रजी नाटकाचे संवाद त्यांनी उच्चार पाठ करून म्हटले. माझ्या मते त्यांचे दुर्दैव येथूनच सुरू होते, कारण ज्या उच्चारांमुळे १९२७ च्या नाटकात आणि नंतर चित्रपटात ड्रॅक्युला गाजला, त्याच उच्चारांमुळे बोलपटांत त्यांना दुसऱ्या प्रकारच्या भूमिका फारशा मिळाल्या नाहीत. १९३३ मध्ये हॉलिवूडच्या नटांची संघटना उभी राहिली, तेव्हा सुरुवातीच्या सदस्यांत ते होतेच! भाषणात हा धागा जरूर घ्यावा.

पंचवटीकर:
आभारी आहे. आपल्या श्रोत्यांसाठी फाळक्यांचा उल्लेख करणे योग्य ठरेल का?

जुना प्रेक्षक:
काळाचा अंदाज यावा इतपतच करावा. लुगोशी बुडापेस्टमध्ये मूकपट करत होते, त्याच सुमारास, १९१८ मध्ये, नाशिकला फाळक्यांची हिंदुस्थान फिल्म कंपनी सुरू झाली. दोघांचा परस्परांशी संबंध नव्हता, त्यामुळे तुलना ताणू नये.