मदत हवी आहे: फ्रेंच लेथचं मॅन्युअल आणि पीएलसीच्या कॉमेंट्स, कोणता कोश वापरावा?

कुपवाड_टर्नर:
कुपवाड एमआयडीसीत जुनी फ्रेंच सीएनसी लेथ आली आहे. मॅन्युअल १८० पानांचं, पीएलसी (मशीनचं काम चालवणारा औद्योगिक कंट्रोलर) प्रोग्रॅममधल्या कॉमेंट्सही फ्रेंच. मोबाइलने फोटो काढून भाषांतर केलं तर ‘आर्ब्र’चं झाड होतं, ‘जू ०,०५’चं ‘खेळ ०,०५’. फ्रेंच-मराठी तांत्रिक कोश आहे का? पुढच्या आठवड्यात क्रॉस स्लाइड (टूल आडवं सरकवणारा भाग) खोलायची आहे.

पारिभाषिक_मिरज:
दादा, थेट मराठी कोशाच्या मागे लागू नका. इंग्रजीपर्यंत या, पुढचे शब्द शॉपमध्ये सगळ्यांच्या तोंडात आहेतच. कॅनडा सरकारचा ‘तेर्मियम प्लस’ आणि क्वेबेकचा ‘ग्राँ दिक्सिओनेर तेर्मिनोलोजिक’, दोन्ही ऑनलाइन आणि फुकट.

शब्द टाकल्यावर पहिला अर्थ उचलू नका, आधी नोंदीवरचा विषय बघा. ‘आर्ब्र’ वनस्पतीशास्त्रात झाड, संगणकात डेटाची ट्री, यंत्रात शाफ्ट. ‘जू’ म्हणजे क्लिअरन्स, आपण ‘प्ले’ म्हणतो तो. ‘फ्रेझ’ म्हणजे स्ट्रॉबेरी, आणि मिलिंग कटरही. ‘फिलताज’ बाहेरचे आटे, ‘तारोदाज’ आतले.

संगणकाच्या शब्दांना मात्र ‘फ्रान्सतेर्म’ही उघडा, तो फ्रान्सच्या संस्कृती मंत्रालयाचा आहे. क्वेबेक आणि फ्रान्सचे शब्द जुळतातच असं नाही: क्लाउड कॉम्प्युटिंगला क्वेबेकमध्ये ‘अँफोन्यूआजिक’, फ्रान्समध्ये ‘अँफोर्मातिक आँ न्यूआज’. बाइटला फ्रेंच ‘ऑक्ते’ म्हणतात, म्हणून मेमरीच्या पानावर ‘२ एमओ’ दिसलं तर ते २ एमबी.

छापील हवाच असेल तर राउटलेजचा दोन खंडांचा फ्रेंच तांत्रिक कोश आहे, १९९४चा. यांत्रिक शब्दांना उत्तम. संगणकासाठी तो घेऊ नका, फार जुना झाला.

पॅनेलवाला:
पीएलसीच्या कॉमेंट्समध्ये कोश कमी पडतो, कारण तिथे आद्याक्षरं असतात. ही यादी पॅनेलच्या दारावर आतून चिकटवा:
ए-यू: इमर्जन्सी स्टॉप
एफ-डी-सी: लिमिट स्विच
ई-व्ही: सोलेनॉइड व्हॉल्व्ह
बी-पी: पुश बटण
डी-सी-वाय: सायकल स्टार्ट

‘एपीआय’ दिसलं तर सॉफ्टवेअरवाला एपीआय समजू नका, फ्रेंचमध्ये पीएलसीलाच तसं म्हणतात. ‘देफो व्हारियातर’ म्हणजे ड्राइव्हचा (मोटरचा वेग ठरवणाऱ्या युनिटचा) फॉल्ट. भाषांतरात त्याचं ‘डीफॉल्ट’ होतं आणि माणूस फॉल्ट शोधायचा सोडून पॅरामीटर रीसेट करत बसतो. प्रोग्रॅम ग्राफसेटमध्ये (स्टेप-स्टेपच्या आकृतीत) असेल तर घाबरू नका, पीएलसीची आपली तशीच आकृतीभाषा एसएफसी त्यातूनच आली. ‘एताप’ म्हणजे स्टेप, ‘रेसेप्तिव्हिते’ म्हणजे ट्रान्झिशनची कंडिशन.

कॉमेंट्स एक्सपोर्ट केल्यावर मात्रेच्या अक्षरांजागी दोन-दोन विचित्र चिन्हं आली, तर फाइलचं एन्कोडिंग (अक्षरं साठवायची पद्धत) यूटीएफ-८ आहे आणि एडिटर ती विंडोज-१२५२ म्हणून वाचतोय. एन्कोडिंग बदलून पुन्हा उघडा, हाताने दुरुस्त करत बसू नका. शोधताना उजवीकडे तिरकी मात्रा असलेला ‘ई’ हवा असेल तर ऑल्ट दाबून नंबर पॅडवर ०२३३.

कुपवाड_टर्नर:
खूप उपयोग झाला. स्लाइडच्या पानावर ‘कोंत्रोले ल जू’ आहे. क्लिअरन्स कंट्रोल करा, म्हणजे जिब (स्लाइडचा प्ले कमी करणारी पट्टी) आवळायची का? आणि खाली एम६ बोल्टसाठी ‘कूप्ल द सेराज ८,५’.

पारिभाषिक_मिरज:
नाही, जिबला अजून हात लावू नका. ‘कोंत्रोले’ म्हणजे तपासणे, मोजणे. डायल गेज लावून प्ले बघा, ०,०५ पेक्षा जास्त निघाला तरच जिब. ‘सेराज’ची ओळ म्हणजे आवळण्याचा टॉर्क. फ्रेंचमध्ये स्वल्पविराम हाच दशांश चिन्ह असतो, तेव्हा साडेआठ न्यूटन मीटर. स्कॅनमध्ये तो पुसट असला की ८५ वाचलं जातं, आणि ८५ला एम६ बोल्ट तुटणारच. असे सगळे आकडे मूळ कागदावर भिंग धरून बघा आणि पेनाने दशांश बिंदू करून ठेवा. हजारांच्या जागी तिथे मोकळी जागा सोडतात, ‘१ ५००’ म्हणजे दीड हजार.

कुपवाड_टर्नर:
बरं झालं विचारलं. भिंग घेऊन बसतो.